छत्रीमागच्या नऊ साड्या

नऊ साड्या एकावर एक अंगावर घालून भर उन्हाळ्यात मांडवामागं उभं राहिलं की काय होतं ते आधी सांगते. पहिल्यांदा घाम पाठीवरून खाली येतो. मग येईनासा होतो, कारण आतलं कापडच भिजून जड झालेलं असतं. पाणी प्यायचं नाही, कारण प्यायलं की मोरीकडे जावं लागतं, आणि नऊ साड्यांत मोरीकडे जाता येत नाही. बसायचंही नाही, बसलं की टिचबटणं सुटतात. माझी निम्मी उमर अशी उभ्यानं गेली. अजून मला एका जागी बसवत नाही. एवढं सांगेपर्यंत मी दोनदा उठले, एकदा गॅस बघायला आणि एकदा उगाच. माझी लेक सुनीता हे लिहून घेते आहे. ती माझं बोलणं सुधारायला बघते, मी परत होतं तसं करायला लावते. चौथीपर्यंत शिकलेल्या बाईचं आहे, तसंच दिसू दे म्हणलं.

आमचा धंदा साडीबदलाचा. गणपतीचे मांडव, गॅदरिंग, बँकांची संमेलनं, हळदीकुंकवाचे मोठे कार्यक्रम, असं कुठंही. पेटी वाजायला लागली की मी लाल साडीत स्टेजवर यायची. माझ्याबरोबर एक माणूस, हातात झालर लावलेली मोठी काळी छत्री. तो छत्री उघडून माझ्यापुढं धरायचा, तिच्याआड मी एक गिरकी घ्यायची, छत्री मिटली की अंगावर हिरवी साडी. परत छत्री, परत गिरकी, पिवळी. अशा नऊ. कोळीण, कानडी बाई, गुजरातीण, बंगालीण, शेवटी पांढरीशुभ्र. चार मिनिटांचा खेळ. जाहिरातीत माझं नाव मिस पुष्पलता. छत्रीवाल्याचं नाव कुठंच नसायचं.

छत्रीवाला म्हणजे माझे मालक, वसंतराव. कसबा पेठेत त्यांचं टेलरिंगचं दुकान होतं, दुकान म्हणजे एक मशीन आणि एक स्टूल. मेळ्यांचे, नाटकाचे कपडे शिवायचे. साडीबदलाची कल्पना त्यांचीच. लोक विचारायचे, बाई, जादू आहे का? जादू कसली, शिवणकाम. आता सांगायला हरकत नाही, सगळ्या महाराष्ट्रानं बघून झालेलं आहे. ती साडी नेसायची साडी नव्हतीच. निऱ्या शिवलेल्या, पदर खांद्याला टाचलेला, पाठीमागनं वरपासून खालपर्यंत टिचबटणं, आणि त्या सगळ्यांतून ओवलेली एक बारीक दोरी. दोरी सरळ रेषेत ओढली की बटणं पटापट सुटतात. ओढून झाल्यावर त्याच क्षणी सोडली की साडी पायाशी पडते, आणि मी ती टाचेनं मागच्या टोपलीत ढकलते. ओढणारा आणि सोडणारा हात त्यांचा. लोकांना वाटायचं हा बाबा नुसती छत्री धरून उभा आहे. छत्री डाव्या हातात होती, खेळ उजव्या हातात होता. ते तोंड न उघडता "हं" करायचे, त्यावर मी गिरकी घ्यायची. इतक्या वर्षांत मी "हं"च्या आधी कधी वळले नाही.

टीव्हीवर आम्ही पहिल्यांदा गेलो तेव्हा टीव्ही काळापांढरा होता. आमच्या गल्लीत एकच सेट, डॉक्टरांकडे. मुंबईच्या केंद्रातून पत्र आलं, विविध कलांचा कार्यक्रम आहे, या. यांनी आठ दिवस दुकान बंद ठेवून नऊ नव्या साड्या शिवल्या. रंग असे निवडले की आंधळ्याला दिसावेत. लालभडक, पोपटी, जांभळी, नारिंगी.

रंगीत तालीम झाली. मी नऊच्या नऊ साड्या बदलल्या, एकही बटण अडकलं नाही. आम्ही खूश. तेवढ्यात आतून निर्माते साहेबांचा आवाज आला.

"बाई, बदला ना साडी."

मी म्हणलं, "साहेब, नऊ झाल्या."

"कुठं झाल्या? तुम्ही छत्रीमागं जाताय आणि तशाच बाहेर येताय."

मला वाटलं चेष्टा करताहेत. मग त्यांनी आम्हाला आत बोलावून पडद्यावर दाखवलं. लाल साडी राखेच्या रंगाची. पोपटी पण राखेच्या रंगाची. जांभळी थोडी जास्त राखेची. एक बाई सारखी छत्रीमागं जाते आणि हसत बाहेर येते, असं दिसत होतं. वेडी दिसत होते मी.

साहेब म्हणाले, "सॉरी. पुढच्या वेळी बघू."

यांनी मान खाजवली आणि विचारलं, "साहेब, जेवायची सुट्टी किती आहे?"

"एक तास."

"मग जेवून घ्या."

त्या एका तासात त्या माणसाच्या हातांनी जे केलं ते मी कधी विसरणार नाही. कॅन्टीनमधून मोठ्या चौकड्यांचे दोन टेबलक्लॉथ आणले. सामानाच्या खोलीतनं फुलाफुलांचा एक पडदा मिळवला. पोपटी साडीवर शिंप्याच्या खडूनं हातभर रुंद पट्टे ओढले, नारिंगीवर बुटाच्या पॉलिशनं गोल ठिपके दिले. सुई चालत होती ती दिसत नव्हती, नुसता दोरा पुढंपुढं जाताना दिसत होता. मी मागं उभी राहून येरझाऱ्या घालत होते. ते म्हणाले, "एक तर बस, नाहीतर सुया ओवून दे." मी सुया ओवल्या. नऊ नाही, पण पाच साड्या झाल्या. रंगानं नाही, नक्षीनं वेगळ्या. रेकॉर्डिंग झालं, साहेब स्वतः बाहेर येऊन यांच्या पाठीवर थाप मारून गेले.

कार्यक्रम दाखवला त्या दिवशी अर्धी गल्ली डॉक्टरांच्या हॉलमध्ये. मी ऐटीत बसले होते. संपल्यावर आमच्या समोरच्या शकूवहिनी म्हणाल्या, "छान झालं हो. पण पुष्पे, तिसऱ्या वेळी अंगावर टेबलक्लॉथ होता का गं?"

"दिसला का?"

"डाग पण दिसला. वरणाचा."

असं आमचं कौतुक. पण त्या एका कार्यक्रमावर आम्ही पंधराएक वर्षं खाल्लं. 'दूरदर्शन कलाकार' असं जाहिरातीत छापून घेता येत होतं. आज त्या कार्यक्रमाचा एक तुकडाही कुठं नाही. तेव्हा म्हणे त्याच टेपवर पुढचा कार्यक्रम भरायचे. आमच्यावर कोण भरला असेल, कोणास ठाऊक. शेतीविषयक काहीतरी असेल.

मग दिवस बदलले. गल्लीच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत केबलच्या वायरी आल्या, घरोघरी रंगीत सेट आले, पन्नास चॅनेल आले. तयार कपड्यांची दुकानं झाली, मापं द्यायला कोण येईना. मांडवात आमच्या जागी ऑर्केस्ट्रा आणि मोठे स्पीकर आले. आठवड्याला तीन कार्यक्रम होते त्याचे महिन्याला दोन झाले. मी पिको-फॉल घ्यायला लागले. हे दुकानात बसायचे, पण बसून काय करणार.

त्याच सुमाराला बिबवेवाडीत एका सोसायटीत हळदीकुंकवाला आमचा खेळ होता, गच्चीवर, दुपारचा. तिथल्या बायका फार चौकस. खेळ संपतो न संपतो तोच एक जण पुढं आली.

"अहो, ती मोरपंखी दाखवा ना परत. पदर बघू कसा आहे."

आता पदर असेल तर दाखवणार. तो वीतभरच होता, दिसण्यापुरता. मी म्हणलं, "ती धुवायला टाकली."

"आत्ता? दोन मिनिटांत?"

हशा झाला, मीही हसले. पण त्या हशात मागनं कोणीतरी बोललं ते मला ऐकू आलं. "काकांना थंडी वाजत होती का हो? छत्री किती थरथरत होती."

मी त्यांच्या हाताकडे बघितलं. छत्री मिटलेली होती, तरी तिची झालर हलत होती. वारा नव्हता. त्यांनी माझी नजर बघितली आणि हात पिशवीमागं घेतला.

डॉक्टरांनी नाव सांगितलं, कंपवात. गोळ्या दिल्या. हळूहळू वाढणार म्हणाले. घरी येताना हे रस्त्यात एवढंच बोलले, "डावा आहे. दोरी उजव्यात असते." मी म्हणलं, हो. त्यानंतर आमचं या विषयावर बोलणंच झालं नाही. मशीनवरचं काम त्यांनी कमी केलं, कारण टीप वाकडी यायला लागली होती. पण छत्री सोडली नाही. दर कार्यक्रमाच्या आदल्या दिवशी दुपारी झालर इस्त्री करायचे, दोऱ्यांना मेण लावायचे. मला कळत होतं, की हा खेळ गेला तर या माणसाला सकाळी उठायला काही कारण राहणार नाही. आणि मला हेही कळत होतं, की छत्री अशीच हलत राहिली तर खेळ जाणार. तेव्हापासून मी रोज एकच हिशोब करायची, यांना ठेवून खेळ कसा चालवायचा. चालता चालता, पोळ्या लाटता लाटता, फॉल लावता लावता.

आणि तेव्हाच एका नव्या चॅनेलचा निरोप आला. पुण्यातच, एका मोठ्या हॉलमध्ये शूटिंग होतं. अजब कला असलेल्या लोकांचा कार्यक्रम. नेहा नावाची एक मुलगी आमच्या घरी खेळ बघायला आली. फार गोड पोरगी. आम्ही दोन खोल्यांत खुर्च्या सरकवून तीन साड्यांचा खेळ करून दाखवला. ती वाहवा करून गेली, आणि जिन्यात मला बाजूला घेतलं.

"काकू, तुम्ही अमेझिंग आहात. पण काकांचा हात शेक होतोय ना, तो क्लोजअपमध्ये खूप दिसेल. आम्ही छत्रीला स्टँड देऊ. तुम्ही सोलो करा."

मी म्हणलं, "दोरी कोण ओढणार?"

"स्टँडला बांधा ना."

तिनं एका वाक्यात सोडवलं. मी जिन्यात उभी राहिले. वर दरवाजा उघडा होता. मी हो म्हणलं.

वर गेल्यावर त्यांनी विचारलं, "काय म्हणाली?"

मी म्हणलं, "घेतलं. पण मला एकटीलाच. फक्त बायकांचा कार्यक्रम आहे म्हणे."

ते म्हणाले, "बरं."

खरं सांगायला हवं होतं. तुमचा हात हलतो, एवढे तीन शब्द होते. मी बाळंतपणात ओरडले नाही, सासूच्या बोलण्याला कधी उत्तर दिलं नाही, घरभाडं थकलं तेव्हा दोन महिने एक वेळ जेवले, पण हे तीन शब्द मला बोलता आले नाहीत. मला वाटलं मी त्यांना जपते. आता वाटतं मी स्वतःला जपत होते.

शूटिंगच्या दिवशी हॉलमध्ये पंखे, दिवे, धावपळ. मला एक लोखंडी स्टँड दिला, त्याला छत्री बसवली. दोऱ्या बांधायची वेळ आली आणि माझ्या लक्षात आलं, की जन्मात मी ही दोरी बांधलेली नाही. बांधायची वेळच आली नव्हती, ती त्यांच्या बोटांत असायची. त्यांना विचारता आलं असतं, पण विचारलं असतं तर खोटं उघडं पडलं असतं. पोरं ओरडत होती, "काकू, नेक्स्ट तुम्ही." मला भीती दोरी सुटेल याची. म्हणून मी घट्ट निरगाठी मारल्या, एकावर एक दोन. घट्ट म्हणजे पक्कं, असं वाटलं. शिंप्याची बायको मी, मला कळायला हवं होतं.

पहिली गिरकी घेतली. "हं" आलं नाही, ते येणार नव्हतंच. मी अंदाजानं वळले. दोरी ओढली गेली, अर्धी बटणं सुटली, पण टोक कोणी सोडलं नाही. सोडणार कोण? साडी पडायच्या ऐवजी मी आणि स्टँड यांच्या मध्ये वाळत घातल्यासारखी ताणली गेली. मी सवयीनं छत्रीच्या बाहेर आले. आणि माझ्यामागं स्टँडही आला. छत्रीसकट. दाव्याला बांधलेल्या शेळीनं खुंटा उपटून न्यावा तसं मी तो दोन पावलं ओढला आणि मग तो धाडकन पडला. अंगावर वरनं लाल, खालनं हिरवी. समोर तीनशे माणसं. जो हशा पिकला तो थांबेना. मी हात जोडले आणि आत गेले.

नेहा म्हणाली, "काकू, डोन्ट वरी, एडिट करू."

घरी आल्यावर यांनी विचारलं, "कसं झालं?"

"झालं."

पुढच्या रविवारी संध्याकाळी कार्यक्रम लागला. मला वाटलं माझा भाग काढून टाकतील, म्हणून मी टीव्ही लावू दिला. शकूवहिनी आल्या होत्या, सुनीता होती. हे खुर्चीत, हात मांडीखाली दाबून. सुरुवातीलाच एक मिशीवाला माणूस आला, तोंडानं सायकल उचलणारा. त्याच्यामागनं दोन पोरं आली, बाटल्या उडवणारी. मी स्वयंपाकघरात जायला उठले.

ते पडद्याकडे बघत म्हणाले, "फक्त बायकांचा ना?"

शकूवहिनींना काही कळलं नाही. सुनीतानं माझ्याकडे बघितलं. मी उभीच राहिले. आणि मग मी आले, पडद्यावर. त्यांनी काही काढलं नव्हतं. उलट स्टँड पडतो ते तीनदा दाखवलं, एकदा सावकाश. सावकाश दाखवताना प्रत्येक टिचबटण सुटताना दिसलं, दोरी दिसली, गाठ दिसली. पंचवीस वर्षं आम्ही घरातल्या पाहुण्यालासुद्धा दाखवलं नव्हतं ते.

टीव्ही बंद केल्यावर त्यांनी एकच प्रश्न विचारला.

"गाठ कोणी मारली?"

"मी."

"निरगाठ."

"हो."

बस्स. आवाज चढला नाही, जेवण सोडलं नाही. दुसऱ्या दिवशी त्यांनी झालर उसवली, घडी केली आणि ट्रंकेत ठेवली. मी चुकले म्हणाले नाही, त्यांनी विचारलं नाही. आमच्यात असंच चालायचं. पण घरात कुणीतरी सारखं दारात उभं असल्यासारखं वाटत राहिलं. मी भांडी दोनदा घासायला लागले.

खेळ बंद झाला. बंद झाला म्हणजे, ज्यांनी बोलावलं त्यांना ते पडणंच हवं होतं. एका मंडळाचा सेक्रेटरी म्हणाला, "काकू, तुम्ही नुसतं स्टँड ओढत या, पब्लिक वेडं होईल." मी म्हणलं, "तुम्हीच या की ओढत, साडी मी देते." भाजीवालासुद्धा विचारायचा, काकू, स्टँड कुठं? मी पोळ्या करायला लागले, हडपसरला कंपन्यांतून कामाला लागलेली पोरं भाड्यानं राहायची त्यांच्या डब्यांच्या. सकाळी साठ, संध्याकाळी साठ. सुनीताचं शिक्षण, लग्न त्यावर झालं. यांचा उजवा हातही हळूहळू डाव्यासारखा झाला. कप पूर्ण भरायचा नाही, एवढं मी शिकले.

बऱ्याच वर्षांनी त्या डब्याच्या पोरांमुळेच पुन्हा बोलावणं आलं. हडपसरच्या एका कॉम्प्युटर कंपनीचा वार्षिक दिवस, कामगारांची बायकापोरं, आईवडील सगळे येतात तसा. कामगार म्हणलं की ती पोरं हसतात, पण काम करतात ते कामगारच. तिथली रश्मी नावाची बाई कार्यक्रमाचं सगळं बघत होती. तिला एका पोरानं सांगितलं, आमच्या पोळीवाल्या काकू टीव्हीवर होत्या. ती फोनवर म्हणाली, "आंटी, पाच साड्या चालतील. छत्रीला स्टँड आम्ही देतो."

परत स्टँड. पण या वेळी मी फोन ठेवला आणि सरळ बाहेरच्या खोलीत गेले. ते पेपर वाचत होते, पेपर खालच्या पाटावर ठेवून, कारण हातात धरला तर अक्षरं हलायची.

मी म्हणलं, "अहो, हडपसरला खेळ आहे. तुमचा हात हलतो, छत्री धरता येणार नाही. स्टँड लावणार आहेत. पण दोऱ्या तुम्हीच बांधायच्या. मला येत नाही."

त्यांनी चष्मा काढला. मला वाटलं आता सगळी वर्षं बाहेर येतील.

ते म्हणाले, "पाच साड्या म्हणजे पाच सुरगाठी. पहिल्या ओढीला धरली पाहिजे, दुसऱ्या झटक्याला सुटली पाहिजे. रिक्षानं जायचं ना?"

"रिक्षानं."

"मग ट्रंक खाली काढ."

कंपनीच्या आवारात मोठा मांडव होता, एका बाजूला स्टेज, एका बाजूला जेवणाची टेबलं. आमचा नंबर जेवणाच्या जरा आधी. मी आडोशाला साड्या चढवून उभी राहिले. आतली पांढरी सोडली तर पाचच होत्या, पण साठीत पाच म्हणजे नऊच. स्टँड आला. यांना एक प्लॅस्टिकची खुर्ची दिली. ते बसले आणि पहिली दोरी हातात घेतली.

बोटं दांडीपाशी जायची आणि निसटायची. दोरीचं टोक मागनं आणायचं, ते हुकायचं. परत. परत हुकायचं. पहिली गाठ झाली तोवर स्टेजवरच्या निवेदकानं माझं नाव घेतलं. "आणि आता येत आहेत, मिस पुष्पलता!" टाळ्या झाल्या, थांबल्या. त्यानं एक विनोद सांगितला. दुसरी गाठ झाली. त्यानं परत नाव घेतलं.

रश्मी धावत आली. "आंटी, काय झालं? एव्हरीथिंग ओके?"

"दोऱ्या बांधताहेत."

तिनं यांच्या हातांकडे बघितलं. मग हळू आवाजात म्हणाली, "आंटी, तुम्हीच बांधा ना पटकन. नाहीतर मी कुणाला सांगू का?"

यांना ऐकू गेलं. त्यांनी मान वर केली नाही. तिसरी दोरी बोटांत होती, टोक थरथरत होतं. मला गाठ समजली होती, पहिल्या दोन माझ्यासमोर तर बांधल्या होत्या. माझे हात नुसते वळवळत होते. दोन मिनिटांचं काम होतं. घाम पाठीवरून खाली येत होता. निवेदकाचे विनोद संपले होते, खुर्च्या सरकायचा आवाज येत होता, लोक जेवणाच्या टेबलांकडे निघाले होते. मी आयुष्यभर घाईत जगलेली बाई.

मी रश्मीला म्हणलं, "तुम्ही जा. होतंय."

"आंटी, पब्लिक निघून चाललंय."

"जाऊ दे."

आणि मी उभी राहिले. हात पदराखाली घट्ट धरून. तिसरी झाली. चौथी दोनदा चुकली, त्यांनी सोडवली, परत घातली. पाचवीला त्यांनी दात लावले. मग मान वर करून म्हणाले, "ने."

स्टेजवर गेले तेव्हा निम्म्याच्या वर खुर्च्या रिकाम्या होत्या. पुढं काही म्हातारीकोतारी, चारसहा लहान पोरं, मागं झाडलोट करणाऱ्या बायका झाडू टेकवून उभ्या. पेटीऐवजी स्पीकरवर काहीतरी धडधडत होतं. मी छत्रीआड गेले. दोरीनं पहिल्या ओढीला धरलं. बटणं सुटली. दुसऱ्या झटक्याला सुरगाठ सुटली आणि साडी पायाशी. बाहेर आले ती पोपटी. झाडूवाल्यांपैकी एक मोठ्यानं म्हणाली, "अगं बया!" पाचही सुटल्या. स्टँड हलला नाही.

आत आले तेव्हा ते खुर्चीतच होते.

"तिसऱ्याला घाई केलीस," ते म्हणाले.

"केली."

"आणि गिरकी जड झाली तुझी."

"वय झालं."

रश्मी आली, छान झालं म्हणाली, आणि पुढच्या वेळी थोडं वेळेत म्हणाली. पुढची वेळ आली नाही. तिथनं नाही आणि दुसरीकडनंही नाही. तो आमचा शेवटचा खेळ. तो टीव्हीवर नव्हता, कोणी फोटो काढला असेल तर मला माहीत नाही, आणि बहुतेकांनी तर तो जेवणाच्या रांगेत उभं राहून पाठमोराच ऐकला. वाईट वाटलं नाही असं म्हणणार नाही. वाटलं. पण दोऱ्या त्यांनी बांधल्या होत्या, आणि त्या बांधून होईपर्यंत मी जागेवरून हलले नव्हते.